तेवीस फूट नळी आणि बाल्कनीची मोहीम

परमुलखी नोकरीस असलेले चिरंजीव दर आठवड्यास फोन करोन पुसत की, "घरी काय चाललंय?" आणि घरून दर आठवड्यास जबाब जाई की, "काही नाही, सगळं ठीक." हे "काही नाही" म्हणजे नेमके काय, याची साद्यंत हकीकत आजवर कोणी कागदावर आणिली नाही, आणि न आणिली तर पुढील पिढ्या असे समजतील की आपले आजोबा नुसते पडून होते, सबब सदरहू वर्तमान यथामति लिहून ठेविले असे. ज्या ठिकाणी थोरांचे चुकले तेथे थोरांचे चुकले असेच लिहिले आहे. यंत्राचे कोठेही चुकले नाही.

दुसऱ्या मजल्यावरील तीन खोल्यांचे राज्य राजमान्य राजेश्री मोजणीदार यांचे. जमीन मोजणी खात्यात छत्तीस वर्षे चाकरी, साखळी, फीत आणि दुर्बीण यांवर पूर्ण हुकमत, आणि दोन सख्खे भाऊ बांधावर कुऱ्हाडी घेऊन समोरासमोर ठाकले असता मधोमध फीत धरून उभे राहण्याची छाती. तीच छाती उतारवयात फितूर जाहली. फुप्फुसांनी बंड पुकारिले, दोन पावले चालिल्यास धाप, तीन चालिल्यास काळोखी, आणि मग दवाखान्यात बारा दिवसांचा मुक्काम पडोन अखेर डॉक्टरांशी तह करावा लागला. तहाची कलमे येणेप्रमाणे की, नळी चोवीस तास नाकी असावी. दर मिनिटास दोन लिटर ऑक्सिजन घ्यावा आणि तो काटा आपल्या अकलेने कमीजास्त फिरवू नये. जवळपास विस्तव नसावा. नाकास तेलकट मलम लावू नये. आणि रोज थोडे थोडे चालावे. मोजणीदारांनी कागद न वाचता सही केली, जी गोष्ट त्यांनी छत्तीस वर्षांत एकाही शेतकऱ्यास करू दिली नव्हती. शेवटचे कलम त्यांनी तेव्हाच मनातून खोडिले.

मग यंत्र आले. जिना अरुंद, लिफ्ट नाही, म्हणोन दोन धिप्पाड माणसांनी ते पालखीसारखे उचलोन वर आणिले आणि पलंगाच्या उशाशी कोपऱ्यात स्थापन केले. आकाराने लहान कपाटाएवढे. त्याची करणी अशी की, खोलीतलीच फुकटची हवा ओढून घ्यावी, तिजमधील नायट्रोजन बाजूस सारावा, ऑक्सिजन गाळोन पाण्याच्या बाटलीतून बुडबुड करीत नळीत सोडावा, आणि नळीने तो दोन्ही कानांवरून फिरोन नाकात दाखल व्हावा. वीज गेल्यास दगा नको म्हणोन दाराआड एक लोखंडी सिलिंडर राखीव फौज म्हणोन उभा केला. आणि बोटास लावण्याचा एक चिमटा दिला, जो रक्तात ऑक्सिजन किती ते आकड्यात सांगे. तो चिमटा पहिल्या दिवशी घरातील सर्वांनी लावोन पाहिला. सूनबाईंस अठ्ठ्याण्णव पडले. त्यांनी त्याचा फोटो काढोन माहेरी रवाना केला.

यंत्राची घरघर अष्टौप्रहर चाले. पाहुणे येणार असता सूनबाईंनी शोभेस्तव त्यावर नक्षीचा टेबलक्लॉथ पांघरला आणि वर फुलदाणी ठेविली. पाहुणे चहा घेतात तोच यंत्राने ऐसी किंकाळी फोडिली की एका पाहुण्याने बूट न घालता जिना गाठिला. यंत्रवाल्यास फोन गेला. त्याने पुसिले की वर काही टाकले आहे काय, आणि सूनबाईंनी कबुली देताच हुकूम केला, "मॅडम, त्याला पण श्वास घ्यायचा असतो." टेबलक्लॉथ तत्काळ बरखास्त जाहला.

आता मूळ दुखणे लिहितो. ते फुप्फुसांचे नव्हे.

या घरात सायंकाळी पाच वाजता मोजणीदार आणि त्यांचे कुटुंब बाईसाहेब यांनी बाल्कनीत बसोन चहा घ्यावा, ऐसी वहिवाट लग्नापासोन होती. वादळ असो, पाहुणे असोत, सरकार पडो, चहा बाल्कनीतच. आणि समोरच्या इमारतीच्या बाल्कनीत, रस्त्याची रुंदी तेवढी मध्ये राखोन, निवृत्त हेडमास्तर वर्तमानपत्र घेऊन बसत, आणि दोन्ही बाल्कन्यांतून रोज शब्दांचा तोफखाना चाले. आता नळी आली आणि ही वहिवाट मोडली. बाईसाहेबांनी चहा पलंगापाशी आणिला. मोजणीदार बोलले, "आजाऱ्यासारखा अंथरुणात चहा पिणार नाही मी."

"मग आजारी नाही का तुम्ही?"

"ने तो कप."

असे म्हणोन त्यांनी भिंतीकडे तोंड केले, आणि ते तीन आठवडे वळविले नाही. शिवाय एक गुप्त फर्मान काढिले की, हेडमास्तरास नळीचा सुगावा लागता कामा नये. पुसल्यास सांगावे, गावाला गेले आहेत.

पुढे एके दिवशी पाचांस काय जाहले, ते मोजणीदारांनी पडल्या पडल्या ऐकिले. रस्त्यापलीकडून हेडमास्तरांचा खडा आवाज आला, "काय वहिनी, मोजणीदार अजून गावालाच?" आणि बाईसाहेबांचा आवाज आला, "हो ना. अजून गावालाच." एवढेच. परंतु चाळीस वर्षे ज्या आवाजाचा चढउतार मोजणीदारांच्या कानी बसला होता, तो त्या "गावालाच" या शब्दावर खाली बसला आणि वर आलाच नाही. मग बशीत कप ठेविल्याचा आवाज आला. मग काहीच आले नाही. मोजणीदार भिंतीकडे पाहात राहिले, आणि भिंतीवरील पोपड्याचे क्षेत्रफळ त्यांनी तिसऱ्यांदा काढिले, आणि ते पूर्वीइतकेच निघाले, आणि मग ते उठोन बसले.

"सूनबाई, माझी फीत आण."

"कुठली फीत, बाबा? ब्लड प्रेशरची?"

"मोजायची! तीस फुटी! आणि खडू!"

सूनबाईंनी फीत आणिली आणि पाहातात तो काय, तीन आठवडे कुशीवर न वळणारे सासरे पलंगाखाली पाय सोडोन पेन्सिलीस टोक करीत आहेत. त्यांनी स्वयंपाकघरात जाऊन बाईसाहेबांस खबर दिली. बाईसाहेब बोलल्या, "मोजू दे." आणि आमटी ढवळीत राहिल्या.

पुढील दोन दिवस मोजणी चालली. मोजणीशास्त्राचा पहिला नियम असा की, एक पक्का बिंदू कायम करावा आणि सर्व मापे तेथून घ्यावी. मोजणीदारांनी यंत्रास तो मान दिला, त्याच्याभोवती खडूने चौकट आखिली आणि जाहीर केले की, "हा आपला दगड. हा जागचा हलणार नाही. जग हललं तरी." मग दर पाच पावलांस खुर्चीवर दम खात, सूनबाईंस फितीचे दुसरे टोक धरावयास लावोन त्यांनी मुलूख मोजिला. यंत्रापासोन बाल्कनीचा उंबरठा अठरा फूट. यंत्रापासोन बाल्कनीतील खुर्ची वीस फूट. नळीची लांबी तेवीस फूट. हिशेब वहीत मांडोन, खाली दोन रेघा मारोन त्यांनी निकाल दिला की, तीन फूट नळी शिल्लक उरते, मोहीम सुलभ आहे.

"बाबा, मी एक विचारू?" सूनबाई बोलल्या.

"मोजणीच्या वेळी पक्षकारानं बोलायचं नसतं."

सूनबाईंस काय पुसावयाचे होते, हे दुसरे दिवशी पाच वाजता उघड जाहले.

पहिली मोहीम ऐसी की, मोजणीदार इस्त्रीचा सदरा घालोन, दाढी करोन, बोटास चिमटा लावोन निघाले. मागे नळी सळसळत येत होती, पुढे सूनबाई वाटेतील चपला, पायपुसणे वगैरे शत्रूचे अडथळे दूर करीत होत्या, आणि दिवाणखान्याचे मैदान निम्मे पार जाहले, आणि खिडकी मागे पडली, आणि बाल्कनीचे दार दिसू लागले, आणि दारापलीकडे बाईसाहेबांच्या पदराचे टोक वाऱ्याने हलताना दिसले, आणि मोजणीदारांनी उंबरठ्यावर पाऊल टाकण्यास उचलिले, आणि त्याच घटकेस कोणी मागून नाकास धरोन ओढावे ऐसे जाहले. नळी ताठ उभी राहिली. मोजणीदार एका पायावर.

पाहणी करिता असे आढळले की, सर्व मापे बिनचूक होती. फक्त ती जमिनीवरून घेतली होती आणि नाक जमिनीवर नव्हते. नाक साडेपाच फूट उंचीवर होते. छत्तीस वर्षे ज्यांनी दुसऱ्यांची शेते मोजिली त्यांस उंची धरावयाची सवय नव्हती, कारण शेतास नाक नसते.

"मी तेच विचारणार होते," सूनबाई बोलल्या.

मोजणीदारांनी माघार घेतली. त्या रात्री ते जेवले नाहीत असे कोणी लिहील, तर ते खोटे. दोन वेळा भात घेतला. मन लढाईत असले की भूक लागते.

दुसरे दिवशी यंत्रवाल्यास पाचारण जाहले. नळीस जोड द्यावा ऐसी मागणी केली. यंत्रवाल्याने डॉक्टरांस फोन करोन पुसिले, डॉक्टरांनी मुभा दिली की एवढ्या लांबीने काही बिघडत नाही, काटा मात्र दोनावरच असावा. मग यंत्रवाला बोलला, "काका, दहा फुटांचा तुकडा देतो. सैल राहील, बरं पडेल."

"तीन फूट दे."

"अहो, दहाचा आणलाय तयार."

"खुर्ची वीस फुटांवर. उभ्यानं जायचं म्हटलं तर नाक साडेपाच. बेरीज साडेपंचवीस. तेवीस आणि तीन सव्वीस. अर्धा फूट वर उरतो. मोजून मागितलंय, मोजून दे. उगाच पायात घोळ नको."

यंत्रवाल्याने सूनबाईंकडे पाहिले. सूनबाईंनी छताकडे पाहिले. तीन फूट कापोन, मध्ये जोडणी बसवोन तो निघोन गेला, आणि उरलेले सात फूट त्याने सोबत नेले, जो या बखरीतील सर्वांत मोठा पराभव होय; परंतु तेव्हा कोणास कळले नाही.

दुसरी मोहीम त्याच सायंकाळी निघाली आणि ती घरभेद्याने बुडविली. मोजणीदार दिवाणखान्यात पोहोचले असता सूनबाईंस माहेरून फोन आला, आणि त्या बोलता बोलता फिरू लागल्या, आणि फिरता फिरता एका जागी उभ्या राहिल्या, आणि ती जागा नळीवर होती. मोजणीदारांस वाटले की आज धाप जरा लवकर लागली. त्यांनी सोफ्याचा हात धरिला. चिमट्यावर एक्क्याण्णवाचे एकोणनव्वद जाहले, मग सत्त्याऐंशी. आणि एवढ्यात बाल्कनीतून बाईसाहेबांचा आवाज आला, "बाटली का थांबली?"

घरात टीव्ही चालू, फोन चालू, रस्त्यावर भाजीवाला ओरडतो आहे, आणि या सर्वांतून आतल्या खोलीतील बाटलीची बुडबुड थांबलेली त्यांस ऐकू आली! त्या आत धावल्या आणि सुनेच्या पायाकडे बोट दाखविले.

"आई गं! सॉरी बाबा, सॉरी सॉरी!" सूनबाई उडी मारोन बाजूस जाहल्या. बुडबुड पूर्ववत सुरू जाहली. आकडा हळूहळू वर चढला. मोजणीदार सोफ्यावर बसोन श्वास टाकीत होते. बाईसाहेब शेजारी बसल्या आणि त्यांचा हात हाती घेतला. चिमट्याचा आकडा नीट दिसावा म्हणोन घेतला, असे त्या नंतर बोलल्या. मोजणीदारांनी पुसिले, "तुला बाटली तिकडे ऐकू येते?"

"रोज येते."

"मग तुझा चहा कसा जातो?"

"कसा जाणार? बुडबुड ऐकत."

मोजणीदारांनी घरात फर्मान काढिले की, पाच ते सहा या काळात फोन बसोन घ्यावा.

मग तिसरी मोहीम, जी इतिहासात गाजणार आहे. त्या दिवशी आकाश निरभ्र. सूनबाई फोन बंद करोन, अनवाणी, भिंतीस पाठ लावोन उभ्या. मोजणीदार निघाले. दहा पावले, मग दम. पुन्हा आठ पावले, मग दम. त्यांनी डॉक्टरांनी शिकविल्याप्रमाणे ओठांचा चंबू करोन सावकाश श्वास सोडिला, जणू गरम चहावर फुंकर घालीत आहेत. उंबरठा आला. पाय उचलिला. नाकास ओढ लागली नाही. पाय पलीकडे पडला, आणि मागून दुसराही आला, आणि खुर्ची हाती लागली, आणि मोजणीदार तीत बसले. खुर्चीपाशी उभे असता अर्धा फूट नळी शिल्लक होती. हिशेब बरोबर.

बाईसाहेब उठल्या. आत गेल्या आणि चहा घेऊन आल्या. मोजणीदारांनी पहिला घोट घेतला आणि बोलले, "साखर कमी आहे."

"तीन आठवड्यांनी आलात आणि पहिलं वाक्य हे?"

"खरं ते बोललो."

आणि तेवढ्यात समोरून वर्तमानपत्र खाली आले. त्यामागे हेडमास्तर होते. दोन्ही सैन्ये एकमेकांस दिसली. लपण्यास जागा नाही, नळी नाकात, कानांवरून आलेली, उन्हात चकाकणारी.

"काय मोजणीदार! गावाहून कधी आलात?"

"आजच."

"हो का? गावाला गेलेल्या माणसाचा खोकला रोज ऐकू येत होता आम्हाला. म्हटलं, गाव बरंच जवळ दिसतंय!"

बाईसाहेबांनी पदर तोंडास लाविला.

"आणि नाकात काय ते?"

"ऑक्सिजन."

"किती?"

"मिनिटाला दोन लिटर."

"अबब. आमच्याकडे चार माणसांत दूध दोन लिटर येतं. आणि तुम्ही एकटे दर मिनिटाला? तरीच वहिनी वाळल्या!"

तीन आठवडे ज्या घटकेची धास्ती घेतली ती घटका ही, आणि ती अशी निघाली. मोजणीदारांचे रक्त उसळले, ज्याचा अर्थ ते पुष्कळ दिवसांनी प्रसन्न जाहले. ऐशा वारास बसोन उत्तर देणे हे कोणत्याही योद्ध्यास शोभत नाही. कठडा धरोन, छाती पुढे काढोन, आवाज रस्त्यापार जाईल ऐसे बोलावयास हवे. म्हणोन ते उभे राहिले आणि कठड्याकडे पाऊल टाकिले.

आणि नाक मागे राहिले.

कठडा तेविसाव्या फुटावर होता. तेवीस आणि साडेपाच मिळोन साडेअठ्ठावीस होतात. नळी सव्वीस. मोजणीदारांनी बसण्याचा हिशेब धरिला, चालण्याचा धरिला, परंतु माणूस भांडणासाठी उठतो याचा हिशेब धरिला नव्हता. आता ते कठड्यापासोन अडीच फुटांवर, मान मागे ओढिलेली, एक हात पुढे, ऐसे अधांतरी उभे राहिले. समोर हेडमास्तर पाहात होते. मागे फिरावे तर त्यांच्यादेखत माघार. पुढे जावे तर नळी सुटेल आणि श्वास जाईल. ऐसा पेच पूर्वी कोणा सरदारावर आला असेल तर त्याची नोंद नाही.

कानामागे नळीचा काच बसला. आणि तोच, काहीएक कारण नसता, नळी सैल पडली.

मोजणीदार एक पाऊल पुढे गेले. नळी आली. दुसरे पाऊल गेले. नळी आली. दोन्ही हातांनी कठडा धरोन त्यांनी गर्जना केली, "हेडमास्तर! तुमच्या दुधात पाणी असतं, माझा ऑक्सिजन गाळलेला आहे!"

"पण तो पाण्यातूनच येतो ना? बाटलीची बुडबुड इथवर ऐकू येते!"

"पाण्यातून येणं वेगळं, पाणी घालणं वेगळं! एवढं मुलांना शिकवलं असतंत तर शाळा पुढे आली असती!"

हेडमास्तरांनी वर्तमानपत्राचा पांढरा बावटा फडकाविला आणि बोलले, "बसा, बसा. धाप लागेल. उद्या बघतो तुम्हाला." यात ते उद्या येणार आणि मोजणीदारांनीही यावे ऐसा करार दाखल जाहला.

मोजणीदार विजयी मुद्रेने मागे वळले. आणि त्यांनी काय पाहिले! पलंगाच्या उशाशी खडूच्या चौकटीत जे जग हलले तरी हलणार नव्हते, ते यंत्र घरघर करीत शयनगृहाच्या दारात येऊन उभे होते. त्याच्यामागे बाईसाहेब, एक हात त्याच्या डोक्यावर.

मोजणीदार खुर्चीत बसले. श्वास जागी येण्यास बराच वेळ लागला.

"हे चालतं?"

"चाकं आहेत खाली. चार."

"कधीपासून?"

"असली तर पहिल्यापासूनच असतील ना? नंतर का उगवतात?"

"तुला कधी कळलं?"

"पहिल्याच दिवशी. केर काढताना. पायानं जरा ढकललं, तर गेलं."

सूनबाई भिंतीस पाठ लावोन उभ्याच होत्या. त्यांनी खाली वाकोन पाहिले आणि कपाळास हात लाविला. मोजणीदारांनी वही उघडली, आकडे पाहिले, वही मिटली. "मग बोलली का नाहीस? दोन दिवस फीत घेऊन फिरलो. नळी जोडली. नाकाला कळ लागली. एका शब्दात काम झालं असतं. ढकललं असतंस आणि मी..."

"आणि तुम्ही काय?" बाईसाहेब बोलल्या. "मी ढकललं असतं, मी खुर्ची सरकवली असती, मी कप हातात दिला असता. तुम्ही भिंतीकडे तोंड केलं होतं. मग एक दिवस फीत मागितलीत. मी म्हटलं, मोजताहेत ना, मोजू देत. रोज दहा पावलं तरी टाकताहेत."

मोजणीदारांनी चहा थंड जाहला आहे, दुसरा आणावा, ऐसे फर्माविले. तो आला. यावेळी साखर बरोबर होती, परंतु त्यांनी ते कबूल केले नाही.

त्याच सायंकाळी हुजुरातून शेवटचे फर्मान निघाले की, यंत्रास चाके आहेत ही बाब कोठेही लिहू नये, आणि यंत्र रोज पाचांस खडूच्या चौकटीतच असावे. दुसरे दिवशी पाचांस ते तेथेच होते. मोजणीदार एकटे निघाले, सूनबाईंस वाटेतून हटण्याचा हुकूम देऊन. दहा पावले, दम. आठ पावले, दम. उंबरठा ओलांडोन कठड्याकडे जात असता मागून चार चाकांची बारीक कुरकुर कानी आली. त्यांनी मागे वळोन पाहिले नाही.

येणेप्रमाणे बाल्कनी फत्ते जाहली. सदरहू मुलूख मोजणीदारांच्या ताब्यात आला असोन त्याची चतुःसीमा मोजणी खात्याच्या रिवाजाप्रमाणे नोंदविली आहे ती अशी: एके बाजूस कठडा, त्यापलीकडे रस्ता व हेडमास्तर, दुसरे बाजूस कपडे वाळत घालण्याची दोरी, तिसरे बाजूस उंबरठा, आणि चौथे बाजूस, हाताच्या अंतरावर, बाईसाहेबांची खुर्ची. ही हद्द मोजून पाहिली, बरोबर भरली, आणि यापुढे तीत फेरफार करण्यास कोणास अखत्यार नाही. कलम कायम.